दुपारला पडलेलं भोक

“मी आन सुखात? माझ्या तोंडाकडं बघून बोल. ह्या घरात आल्यापास्नं एक दीस तरी मी सुखाचा बघितला काय?”

पुतळीनं पानाचा डबा इतक्या जोरात मिटला की ओट्यावर निजलेलं मांजर उठून परसात निघून गेलं.

“आत्ती, परवाच तर सांगत व्हता,” धाकटी सून भाग्यलक्ष्मी म्हणाली. “मामंजींनी तुमास्नी कारवारचा समुद्र दावला म्हणून. दुपारभर वाळूत बसून शेंगा खाल्ल्या म्हणून. तीच दुपार द्या की.”

“ते पाव्हण्यांना सांगायचं असतंय गे. पाव्हण्यांम्होरं कोण खरं सांगतंय?”

“म्हंजे समुद्र न्हाई दावला?”

“दावला की. पन त्यात सुख कसलं? पायात वाळू, डोक्यावर ऊन. आन शेंगा खवट.”

म्हातारीच्या उभ्या आयुष्यातला एकुलता एक समुद्र असा बसल्या जागी खवट झाला. आजवर तो या घरी आलेल्या प्रत्येक पाहुण्याला चहाबरोबर मिळत आला होता.

“मग थोरल्या भावजींची घ्या,” भाग्यलक्ष्मी म्हणाली.

“माझी?” पुतळीचा थोरला मुलगा गणपती उसळला. “माझी एक दुपार आधीच फाटलीया, आन तुमी दुसरी मागताय?”

“पन फाडली कुणी, दादा?” धाकट्या नागराजनं विचारलं.

“तू सुम्म गप बस. तुझीच दे. कुळगीच्या जंगलातल्या क्यांपात त्या शहरातल्या पाव्हण्यांबरोबर फोटू काढत हिंडतोस. रोजची मज्जा.”

“मज्जा त्यांची असतीया. आमी ताटं उचलतो.”

कालपर्यंत या घरात कुणाला आपलं दुःख सांगायची सोय नव्हती. सांगितलंच तर, तुला काय कमी हाय, हे ऐकून घ्यावं लागे. आज मात्र जो तो आपापलं दुःख घेऊन ओट्यावर बसला होता आणि दुसऱ्याच्या पदरात सुख टाकत होता. अंगणात घोंगडीवर बसलेला वासू सुपारी कातरत हे ऐकत होता. त्याला घाई नव्हती. प्रत्येक घरी असंच चालतं हे त्याला ठाऊक होतं.

वासूचं रामनगरच्या बाजारात शिलाईचं मशीन आहे. झंपर, शाळेचे गणवेश, थंडीच्या आधी वाकळा. दुसरा धंदा त्याला बापाकडून आला, तो फाटलेला काळ सांधायचा. बाप मूळचा सुप्याचा. धरणाच्या पाण्यात गाव गेला तेव्हा लोकांनी दारं आणली, कौलं आणली, तुळशीसुद्धा मातीसकट उचलून आणल्या. दिवस मात्र तिथंच राहिले. रामनगरला येऊन बसलेल्या कितीतरी घरांत सोमवार उजाडायचाच नाही, दिवाळी शेजारी होऊन जायची आणि आपल्याकडं अजून भाद्रपद. त्या काळात वासूच्या बापाला जेवायला उसंत नव्हती. आता तेवढं काम राहिलं नाही. “हल्ली लोकं फाटक्या काळातच ऱ्हायला शिकल्यात,” वासू म्हणतो. “हातात फोन असतोय. कळतच न्हाई कुटं फाटलंय ते.”

त्याचं काम ऐकायला सोपं. फाटक्या काळाला ठिगळ लावायचं. अडचण अशी की हे ठिगळ बाजारात मिळत नाही. ते त्याच घरातल्या कुणाच्या तरी चांगल्या काळातून कापावं लागतं. दुपार फाटली असेल तर दुपारच लागते, आणि ती चांगलीच लागते, कारण विटक्या कापडाला टाका धरत नाही. ज्याची कापली त्याची ती दुपार गेली. नुसती आठवण जात नाही. ती झालीच नव्हती असं होतं, आणि तिच्यातून जे जे निघालं तेही सैल होतं.

अनमोडकडच्या एका बाईनं आपला मुलगा पहिल्यांदा चालला ती दुपार दिली. ठिगळ छान बसलं. संध्याकाळी तिचा दाढीमिशा आलेला मुलगा रांगत चुलीपाशी आला. स्वतः वासूनं तरुणपणी शेजाऱ्याच्या भिडेखातर आपल्या लग्नाचा दिवस कापून दिला होता. त्याची बायको अजून त्याच्याच घरी राहते, रांधते, वाढते. पण आपण इथं कशा आलो ते तिला सांगता येत नाही. “पाव्हणी म्हणून ऱ्हाती,” वासू म्हणतो. “पन भांडत न्हाई. तेवढं बरं हाय.”

हे सगळं त्यानं आल्या आल्या सांगितलं होतं. ते ऐकूनच घरातली सगळी माणसं एका सकाळीत जन्माची दुःखी झाली होती.

दुपार फाटली कशी, तेही सांगायला हवं. जोयड्याला दर साली कंदांचा मेळा भरतो. बायामाणसं डोंगरातनं कोनफळं, कणगरं, मुडल्या घेऊन येतात, टेबलांवर मांडतात, मोठ्या कंदाला बक्षीस मिळतं. यंदा गणपतीच्या घरी चालत्या पोराएवढं कोनफळ निघालं. परसात त्याला जागा निवडली गणपतीच्या बायकोनं, रुक्मानं. पाला कुजवून आळं भरलं रुक्मानं. रानडुकरांसाठी काटेरी कुंपण तिनंच घातलं, आणि खणतानाही कुठं खरचटू नये म्हणून शेवटची माती हातानं उकरली. मेळ्याला मोटारसायकलवरून नेलं गणपतीनं. म्हणून ते गणपतीचं.

बाजारकुणंगच्या उतारावर गाडी घसरली. गणपतीला काही झालं नाही. कोनफळाचे दोन तुकडे झाले. दुसरा कुणी असता तर घरी परतला असता, किंवा दोन तुकडे म्हणूनच मांडले असते. तरीही ते मेळ्यातले सगळ्यात मोठे दोन तुकडे ठरले असते. पण आमच्याकडं मोडलेल्या वस्तूला बांबूची काडी घालून सांधायची सवय फार. सुपाला काडी, छपराला काडी, चपलेला काडी. गणपतीनं रस्त्याकडेचा बांबू तासला, दोन्ही तुकड्यांत काडी रोवली, सांध्यावर ओली माती लिंपली आणि कोनफळ नेऊन टेबलावर उभं केलं. पहिलं बक्षीस ठरलंही. फोटोसाठी परीक्षकांनी ते दोन्ही हातांनी उचललं, तेव्हा वरचा तुकडा त्यांच्या हातात आला आणि खालचा काडीसकट टेबलावर राहिला.

माईकवरचा माणूस विनोदी होता. “ह्या दोन तुकड्यांचे मालक एकच हायत, का भागीदारी हाय?” त्यानं विचारलं. सगळा मांडव हसला. बायका तर पदर तोंडात कोंबून हसल्या.

गणपती ऊन उतरायच्या आत घरी आला. अंगणात उभा राहून “ही दुपार मला नगंच!” असं ओरडला आणि कमरेचा कोयता काढून सारवलेल्या जमिनीत मारला. शेणानं सारवलेल्या अंगणात सूर्य वर असताना कोयता मारू नये, हे आमच्या डोंगरातलं लहान मूलही जाणतं. गणपतीही जाणत होता. पण जाणण्यासाठी जो थोडा थंड डोक्याचा माणूस लागतो तो त्या वेळी त्याच्यात नव्हता.

दुसऱ्या दिवसापासून तुळस आणि फणसाच्या मध्ये रोज जेवणानंतर भोक पडू लागलं. दिसायला काही नाही, नुसती हवा उन्हात हलते तशी हलते. चुलीवरचं दूध त्या वेळी कितीही जाळ घातला तरी उतू येईना. पुतळी पान तोंडात घाली आणि बघते तर ते आधीच थुंकून झालेलं. तिकडून चालत गेलेली कोंबडी तिन्हीसांजेला बाहेर येई. गणपती एकदा कोयता उपटायला म्हणून गेला आणि संध्याकाळी पांढराफटक होऊन परतला. आत म्हणे सारा वेळ मांडव हसत होता आणि माईकवरचा माणूस तेच तेच विचारत होता. आता तर त्याला ओट्यावर बसूनही ते हसू ऐकू यायचं. दुपार झाली की तो कानावर उशी घेऊन माजघरात पडून राही.

रुक्माही एकदा गेली होती. वाळत घातलेल्या मिरच्या उचलायला म्हणून पुढं झाली आणि दिसेनाशी झाली. घर तिला हाका मारत राहिलं. “रुक्मे, माझं पाणी!” “आक्का, मीठ कुटं ठेवलंय?” “वैनी, माझा शर्ट!” उत्तर नाही. दिवेलागणीला ती मिरच्यांनी भरलेलं सूप घेऊन आली.

“काय व्हतं गे आत?” पुतळीनं विचारलं.

“काय न्हाई,” रुक्मा म्हणाली.

असं म्हणताना तिचा चेहरा माहेराहून काहीतरी लपवून आणलेल्या बाईसारखा होता. पण चहाची वेळ टळून गेल्यामुळं सगळे रागावलेले होते, आणि रागावलेली माणसं चेहरे बघत नाहीत.

रुक्मा या घरची थोरली सून. तिचं वर्णन करायला बसलं तर फार काही सापडत नाही. उंची बेताची, बोलणं बेताचं, चालताना पावलांचा आवाज नाही. एक मुलगी, रक्षा, तिला खानापूरकडं दिली. ती फोन करते तेव्हा तिचं पहिलं वाक्य “आई, मी बोलते” असतं आणि दुसरं “फणसाच्या भाजीत काय काय घालायचं?” असतं. रुक्मा भाजी सांगते, फोन संपतो. रुक्माचं स्वतःविषयीचं मत काय, हे कुणी विचारलं नाही आणि तिनंही कुणाच्या कामात तेवढ्यासाठी खोळंबा केला नाही.

या घरात सगळ्यात जास्त वापरलं जाणारं भांडं म्हणजे तिचं नाव. कोंबडा आरवायच्या आधी पुतळी ते हातात घेते, दिवसभर ते या हातातून त्या हातात जातं, आणि रात्री गणपती ते शेवटचं आपटून ठेवतो: “रुक्मा, दार लावलंस काय?” चष्मा हरवला की रुक्मा. सापडला की, “रुक्मे, न्हाई लागत, सापडला,” हे सांगायलाही रुक्मा. भाग्यलक्ष्मी शिकलेली, रामनगरची. ती “आक्का” म्हणते, एवढाच फरक. आक्का म्हटल्यानं काम हलकं होत नाही, फक्त नाही म्हणणं जड जातं.

तर त्या सकाळी सगळ्यांची दुःखं सांगून संपली, आणि मग सगळे माजघराच्या दाराकडं बघू लागले. तिथं रुक्मा मुडल्या सोलत बसली होती.

“हिची घ्या की,” पुतळी म्हणाली. “हिला काय कमी हाय? दोन येळा जेवती. सासू हाय डोक्यावर, दीर हाय, जाऊ हाय बहिणीवानी.”

“माझ्याजवळ न्हाई,” रुक्मा मान वर न करता म्हणाली.

“न्हाई कशी? गेल्या साली माहेरला न्हाई गेलीस?”

“आत्ती, माझा चुलता मेला तवा गेले व्हते. मयताला.”

“गेलीस तर खरी.”

“आक्का, तुमी कवा तक्रार करत न्हाई,” भाग्यलक्ष्मी म्हणाली. “म्हंजे सुखात असणारच की. आमी तर सदा कुरकुरतो.”

“आन बायको कुणाची हाय?” गणपतीनं विचारलं. या प्रश्नाचं उत्तर सुखाच्या बाजूला धरायचं की दुसऱ्या, हे कुणालाच ठरवता येईना.

वासूनं सुपारी गालात सारली. “भांडू नका. दोराला विचारूया.”

त्यानं पिशवीतून केवणीच्या सालीचा वळलेला दोर काढला आणि त्याला साळिंदराचा काटा बांधला. तो काटा त्यानं एकेकाच्या डोक्यावर धरला. जिथं चांगली दुपार असेल तिकडं काटा ओढ घेतो. पुतळीच्या डोक्यावर काटा मेल्यासारखा लोंबत राहिला. समुद्र खरोखरच गेला होता; किंवा शेंगा खरंच खवट असतील. नागराजच्या डोक्यावर काही नाही. भाग्यलक्ष्मीच्या डोक्यावर किंचित हलला तशी ती घाबरून म्हणाली, “वारं हाय, मामा, वारं!” गणपतीच्या डोक्यावर तो हललाच नाही. गणपतीला त्यानं बरंही वाटलं आणि अपमानही झाला.

रुक्माच्या डोक्यावर धरायचा अवकाश, काटा सरळ आडवा झाला आणि दोर वासूच्या हातातून निसटायला बघू लागला.

“आगागागा,” वासू म्हणाला. “ह्या घरात एकच हाय. पन काय दुपार हाय! अशी मी बापाच्या येळेला पन बघितली न्हाई.”

“बघा! मी म्हणत व्हते न्हवं?” पुतळीनं आनंदानं मांडीवर थाप मारली. “सुखात ठेवलंय तिला आमी. कुटली दुपार हाय, सांगा. लगनाची?”

वासूनं डोळे मिटले आणि दोर बोटांवरून सरकवू लागला. “लगनाची न्हाई. उळवीची जत्रा दिसतीया. टेंपो गेला. घरात कोण न्हाई, ही एकटीच हाय. चुलीवर भात. शेताच्या ओढ्याचे खेकडे, लाल कालवण. एका ताटात घेतलंय. सावकाश जेवतीया. मग फणसाखाली आडवी झाली. कोण हाका मारत न्हाई.” तो थांबला. “बास. एवढंच हाय. कोण हाका मारत न्हाई.”

रुक्मानं हातातली मुडली पाण्यात टाकली. कुणी तिचं लुगडं फेडलं असतं तरी तिनं इतकी मान खाली घातली नसती.

पुतळीनं पानाचा डबा बाजूला सारला. “म्हंजे आमी न्हाई तवा?”

“आत्ती...”

“आमी देवाला गेलो, पायात काटे मोडून घेतले, अन हिकडं ही खेकडे खात बसली? एकटी?”

“मला न्हाई ठेवलं कालवण,” नागराज म्हणाला. ही जत्रा होऊन इतकी वर्षं लोटली होती की रुक्माच्या केसांचा रंग बदलला होता, पण त्याला भूक आत्ता लागली.

“इतक्या वर्सांचा संसार,” गणपती म्हणाला, “आन हिच्या एकुलत्या एक चांगल्या दुपारी मी कुटं? टेंपोत!”

मघाशी तिनं सुखी असायला हवं म्हणून सगळे भांडत होते. ती सुखी निघाली, तर आता सुखी झालीच कशी म्हणून भांडू लागले. भाग्यलक्ष्मी तेवढी गप्प होती. ठिगळ आपल्यातून निघत नाही म्हटल्यावर तिनं मोबाईल हातात घेतला होता.

“मग ठरलं,” पुतळीनं निकाल दिला. “तसली दुपार कापलेलीच बरी. घ्या, वासू, कापा.”

“मी देत न्हाई म्हणाले,” रुक्मा म्हणाली.

ते कुणाला ऐकू गेलं नाही, कारण त्याच वेळी वासू बोलत होता. “एक सांगायचं ऱ्हायलं. त्या दुपारी गोठ्यात गाय यालीया. पाडी झालीया. कपाळावर चांद हाय. ती पाडी अजून हाय काय?”

सगळ्यांच्या माना गोठ्याकडं वळल्या. कपाळावर चांद असलेली लाडू गाय शांतपणे रवंथ करत होती. लाडूची आई व्यायला झालेली म्हणून तर रुक्माला त्या जत्रेला मागं ठेवलं होतं.

“ती दुपार कापली तर लाडवीचं काय व्हईल?” पुतळीनं बारीक आवाजात विचारलं.

“झालीच न्हाई असं व्हईल. दावं मोकळं दिसंल.”

“अय्यो!” पुतळी उठून उभीच राहिली. “न्हाई न्हाई न्हाई. तसलं काय करायचं न्हाई. दोन्ही येळचं दूध हाय तिचं. गरीब जनावर, तिनं कुणाचं काय वाईट केलंय? कुणाचा जीव असा कापून काढतात व्हय? पाप लागंल!”

“आव्वा बरोबर बोलती,” नागराज आईची री ओढत म्हणाला.

“क्यांपातल्या चहालाबी आपलंच दूध जातंय,” गणपती म्हणाला.

घरात इतकी दया एकाच वेळी उत्पन्न झालेली कुणी बघितली नव्हती. रुक्मानं मान वर केली आणि एकेकाकडं बघितलं. तिनं गाईचा हेवा वाटून बघितलं असं मला वाटत नाही. लाडूला तिनंच ओढून बाहेर काढलं होतं, त्याच दुपारी, कोपरापर्यंत हात घालून. ती फक्त हिशेब समजून घेत होती.

पण गणपतीच्या कानात दुपारचं हसू चढायला लागलं होतं. ऊन डोक्यावर येत होतं. “दुसरा काय उपाय हाय काय, वासूमामा?” तो कळवळून म्हणाला. “मला न्हाई सोसत हे. ते माईकवालं बेनं थांबतच न्हाई. आन न्हाई सांधलं तर?”

“न्हाई सांधलं तर वाढत जातंय. आज जेवणानंतर हाय, उद्या जेवणापातूर येईल, मग सकाळपातूर.” वासूनं दोर पुन्हा चाचपला. “एक करता येईल. गाय दुपारच्या पहिल्या अंगाला यालीया. तेवढं मागं सोडून कापतो. पाडी ऱ्हाईल, दूध ऱ्हाईल. फकस्त जेवण आन झोप तेवढी जाईल.”

सगळ्यांनी एकदमच सुस्कारा सोडला.

“मग आधी सांगायचं न्हाई व्हय!” पुतळी परत बसली. “त्यात काय हाय? जेवली अन निजली. तेवढं गेलं तर काय बिघडतंय? परत कवातरी जेव, परत कवातरी नीज.”

“कवा?” रुक्मानं विचारलं.

“आँ?”

“कवा, ते विचारते.”

“बघा की, काय बोलती ही!” पुतळी वासूकडं वळली. “कापा तुमी.”

वासूनं घोंगडीवरची घडी मोडली. “कापायच्या आधी एक अट हाय, आन ही जिवावरची हाय, म्हणून नीट ऐका. ही हितं आडवी व्हईल. कापून सांधून व्हईस्तवर हिचं नाव कुणी घ्यायचं न्हाई. रुक्मा न्हाई, आक्का न्हाई, वैनी न्हाई, नुसतं ‘अगं’ पन न्हाई. मधीच हाक आली की माणूस तिकडं ओढलं जातंय आन कात्री वाकडी पळती. मग नुसती दुपार न्हाई, आयुष्य उभं फाटतंय. माणूस अर्धं हितं, अर्धं कुटंतरी. माझ्या बापाच्या हातनं एकदा झालंय. ती बाई अजून सुप्याच्या पाण्याकडं तोंड करून उभी असती.”

“त्यात काय अवघड हाय?” गणपती म्हणाला.

“आमी काय सारखं हिला हाका मारतो व्हय?” पुतळी म्हणाली. तिला मनापासून राग आला होता.

“तालीम करूया,” वासू म्हणाला. “ती हितं आडवी व्हईल. मी ही कातरलेली सुपारी खाऊन संपवीस्तवर कुणी बोलावू नका. कात्री पिशवीतच हाय, भिऊ नका.”

रुक्मा हात पुसून आली आणि घोंगडीवर आडवी झाली. अंगणात, भर दिवसा, सासूसमोर. तिनं डोळे मिटले. वासूनं सुपारीची पहिली खांड तोंडात टाकली.

लाडूनं शेपटीनं माशी उडवली.

पुतळीनं पानाचा डबा उघडला, आत बघितलं, इकडंतिकडं बघितलं. “रुक्मे, माझा चुना कुटं...” आणि तिनं स्वतःच्या तोंडावर हात दाबला.

“आव्वा!” गणपती ओरडला.

“चुकून आलं रे. जिभंला सवय. परत करा.”

वासूनं सुपारी थुंकली आणि नवी खांड घेतली. या वेळी पुतळीनं पदर तोंडात धरला. थोडा वेळ बरा गेला. मग नागराज कामाला जायचं म्हणून उठला, माजघरात गेला, आणि आतून त्याचा आवाज आला, “वैनी, माझा खाकी शर्ट वाळला काय?”

तिसऱ्या वेळी भाग्यलक्ष्मीच्या हातातला फोन वाजला. खानापूरहून रक्षाचा होता. भाग्यलक्ष्मीनं तो घेतला, ऐकला, आणि घोंगडीकडं वळून अगदी हळू, अगदी काळजीपूर्वक म्हणाली, “आक्का, रक्षा विचारती, कोनफळाच्या भाजीत आमसूल घालायचं काय?”

चौथ्या वेळी सगळे एकमेकांच्या तोंडावर नजर ठेवून बसले. कुणी श्वासही घेईना. वासूची सुपारी संपत आली होती. बायको उभी फाटली तर काय, या विचारानं गणपती खरोखर घाबरला होता. ती भीती त्याला सोसेना. आणि भीती वाटली की तो आजवर जे करत आला तेच त्यानं केलं.

“रुक्मा,” तो म्हणाला, “कोण बोलावत न्हाई न्हवं तुला?”

वासूनं उरलेली सुपारी गिळली. “कात्री हातात असती तर आतापातूर चार ठिकाणी फाटली असती ही,” तो म्हणाला.

“आपण तोंडाला फडकी बांधूया,” पुतळी म्हणाली. “समद्यांनी. मी सोडणार न्हाई. उरकून टाका, दुपार व्हायला आली.”

“व्हय, फडकी बांधूया,” गणपती म्हणाला. “जुनं लुगडं हाय काय कुटं? रुक्मा, बघ जरा.”

रुक्मा उठून बसली. तिनं घोंगडीची घडी घातली आणि वासूच्या पुढ्यात ठेवली. मग ती ओट्यापाशी आली आणि पदर खोचून उभी राहिली. तिचा आवाज रोजच्यासारखाच होता, भात झाला म्हणून सांगावं तसा.

“मी माझी दुपार देत न्हाई. ना अक्खी, ना गाय सोडून. कोनफळाला काडी तुमी लावली, हासू तुमचं तुमी ऐका. भोक सांधायचं न्हाई. जेवण झालं की रोज मी त्यात जाऊन बसणार हाय, सांज झाली की भाईर येणार. आत कुणाची हाक ऐकू येत न्हाई, मी बघून आलीया, तवा उगी घसा फोडू नका. वाढत वाढत ते सकाळपातूर आलं, तर सकाळपास्नं बसंन, आन सैपाक तुमी समद्यांनी मिळून करायचा. वासूमामा, तुमी जेवून जावा. मुडल्या सोलून झाल्यात, चुलीवर कुणीतरी ठेवा.”